बाबांच्या कॅसेटमधले अडतीस सेकंद आणि ‘हँड्सवर्थ साँग्ज’: सिनेमा करायचाय, सुरुवात कुठून करू?

कृष्णाकाठ

नमस्कार मंडळी. प्रश्न लांबलचक आहे, पण थोडक्यात सांगितला तर त्यातलं काहीच कळणार नाही, म्हणून सगळंच लिहिते.

माझे बाबा १९७१ साली बर्मिंगहॅमला गेले. तिथे एका फाउंड्रीत नोकरीला होते. मधे येऊन लग्न केलं आणि परत गेले. आजी अंथरुणाला खिळलेली होती, त्यामुळे आई सांगलीतच राहिली, पुढे मीही. बाबा कायमचे परत आले ते १९८७ मध्ये, तेव्हा मी आठ वर्षांची होते. तिथल्या सोळा वर्षांबद्दल ते घरात कधीच बोलले नाहीत. फार विचारलं तर “थंडी लई होती” एवढंच. दोन वर्षांपूर्वी ते गेले.

२०१९ च्या पुरात आमचं खालचं घर छातीभर पाण्यात होतं. माळ्यावरचा बिस्किटांचा पत्र्याचा डबा तेवढा वाचला. त्यात तेवीस कॅसेटा निघाल्या. आई-बाबा एकमेकांना पत्रांऐवजी कॅसेट पाठवायचे. आईला लिहायला बसायची सवड नसायची, ती भाकरी थापता थापता बोलायची. तव्यावर भाकरी टाकल्याचा आवाजसुद्धा त्यात आहे. येताना बाबांनी तिच्या सगळ्या कॅसेटा परत आणल्या, त्यामुळे दोन्हीकडचं बोलणं एकाच डब्यात आहे. एका कॅसेटमध्ये मी विचारते, “बाबा, तिकडं चिमण्या हायत का?” पुढच्या कॅसेटमध्ये त्यांचं उत्तर आहे, “हायत, पण मराठी कळत न्हाई त्यास्नी.”

आता मूळ मुद्दा. ऑक्टोबर १९८५ ची एक कॅसेट आहे. त्यात बाबा म्हणतात, “मागल्या महिन्यात इकडं जरा गडबड झाली. पेपरात आलं असंल. आमच्या भागात काय न्हाई. तू काळजी करू नको.” आणि मग ते गप्प होतात. मी घड्याळ लावून मोजलं, अडतीस सेकंद. रेकॉर्डर चालूच आहे. आधी काहीतरी धातूचं फिरवल्यासारखा करकर आवाज येतो, मग खळ्ळकन काहीतरी पडतं आणि त्यानंतर बारीक फुसफुस सुरू होते. मग ते एकदम विचारतात, “आईच्या पाठीला आता बरं हाय का?”

मागच्या महिन्यात पुण्यात एका फिल्म क्लबमध्ये ब्रिटिश दिग्दर्शक जॉन अकोम्फ्रा यांचा ‘हँड्सवर्थ साँग्ज’ (१९८६) पाहिला. सप्टेंबर १९८५ मध्ये बर्मिंगहॅमच्या हँड्सवर्थ भागात झालेल्या दंगलीवरचा. तासाभराचाच सिनेमा, पण सरळ गोष्ट अशी नाही. एका संग्रहालयात जुनी यंत्रं फिरतायत आणि एक काळा रखवालदार ती बघत उभा आहे. जळलेली दुकानं, जहाजातून उतरणारी कोट-टोपीतली माणसं, पोलिसांनी पाठलाग करून पाडलेला एक तरुण. मी सबंध तासभर गर्दीत बाबांनाच शोधत होते. ते दिसले नाहीत, दिसणारही नव्हते. पण बाहेर आल्यावर माझ्या पायांत बळ नव्हतं.

घरी येऊन डब्यातलं पाकीट पुन्हा बघितलं. ज्या पाकिटातून “आमच्या भागात काय न्हाई”वाली कॅसेट आली, त्यावर पाठवणाऱ्याचा पत्ता हँड्सवर्थचाच आहे.

तर प्रश्न दोन. एक, ज्या सिनेमाने मला काहीच समजावून सांगितलं नाही, तो असा आत कसा काय गेला? तो नेमकं काय करतो? दुसरा, मला या कॅसेटांवर वीस-पंचवीस मिनिटांचा सिनेमा करायचाय. चित्रं म्हणाल तर फक्त तीन फोटो आहेत. ओळखीतले एक निर्माते म्हणाले, बर्मिंगहॅमला जा, ड्रोन उडवा, चारजणांच्या मुलाखती घ्या आणि खाली पियानो टाका. माझं मन घेत नाही. जाणकारांनी सांगावं.

सोहोरोड

कृष्णाकाठ, तुमची पोस्ट वाचून मी दहा मिनिटं स्वयंपाकघरात नुसती उभी होते.

मी १९७९ पासून बर्मिंगहॅममध्ये आहे. तेव्हा एका हॉस्पिटलच्या प्रयोगशाळेत काम करायचे. आम्ही राहायचो शहराच्या दुसऱ्या बाजूला, पण दर शनिवारी भाजी, पीठ, मसाले आणायला हँड्सवर्थच्या सोहो रोडवरच जायचो. त्या काळी मेथी मिळायची ती तिथेच.

तुमचा तो आवाज मला लगेच ओळखू आला. भाड्याच्या खोल्यांमधे गॅसला मीटर असायचा, नाणं टाकून चालणारा. नाणं खाचेत ठेवायचं, दांडी फिरवायची (तोच करकर आवाज), नाणं आत डब्यात पडायचं आणि मग गॅसची शेगडी पेटवली की फुसफुस सुरू. नाण्यापुरतीच ऊब. संपली की खोली दहा मिनिटांत गार. ऑक्टोबर म्हणजे थंडी सुरूच झालेली असणार. तुमचे बाबा बोलता बोलता उठले, मीटरमध्ये नाणं टाकलं आणि परत येऊन बसले. मला तरी असंच दिसतंय.

दंगलीच्या त्या सोमवारबद्दल सांगते, ९ सप्टेंबर. एका गाडीवरून पोलिसांशी बाचाबाची झाली आणि संध्याकाळपर्यंत तिथला लोझेल्स रोड पेटला. पोस्ट ऑफिस चालवणारे दोघे आशियाई भाऊ आगीत गेले. आमच्यासाठी ती बातमी नव्हती, त्या काउंटरवर मी स्वतः पाकिटं दिली होती. दुसऱ्या दिवशी गृहमंत्री डग्लस हर्ड बघायला आले, लोकांनी दगड मारले, त्यांना गाडीत घालून न्यावं लागलं. पेपरांत पुढे कितीतरी दिवस एकच सूर होता: गुंड, लुटारू. त्या भागात किती घरांत वर्षानुवर्षं काम नव्हतं, पोलीस पोरांना रस्त्यात कसे थांबवायचे, हे वाचायला शोधावं लागायचं.

आणि आमची पंचाईत अशी की आम्ही कुणाच्या बाजूचे हेच कळत नव्हतं. त्या काळी इथल्या चळवळीतली माणसं ‘ब्लॅक’ म्हणायची त्यात आम्हीही धरलेले असायचो, आफ्रिकी, कॅरिबियन, आशियाई सगळे. पण दंगलीनंतर टीव्हीवर आशियाई दुकानदार विरुद्ध काळी पोरं असंच चित्र रंगवलं गेलं.

मीही आईला पुण्याला फोनवर हेच सांगितलं होतं. “आमच्याकडे काही नाही, आई.” फोन बुक केलेला, मिनिटामिनिटाचे पैसे. तीन मिनिटांत खरं सांगायला जागाच नसते हो.

चुंबकफीत

मी ध्वनिमुद्रणातला माणूस. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलो, तीस वर्षं आवाज जोडायचंच काम केलं. ‘हँड्सवर्थ साँग्ज’ मी आधी ऐकला आणि मग पाहिला. म्हणजे व्हीएचएसची प्रत इतकी खराब होती की चित्र नीट दिसतच नव्हतं. त्यामुळे तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर मी कानाकडून देतो.

अकोम्फ्रा हे नाव पुढे असलं तरी तो सिनेमा एकट्याचा नाही. १९८२ मध्ये पोर्ट्‌स्मथच्या पॉलिटेक्निकमधे शिकणाऱ्या मुलामुलींनी ‘ब्लॅक ऑडिओ फिल्म कलेक्टिव्ह’ सुरू केली आणि मग लंडनला हॅकनीत बिऱ्हाड केलं. लीना गोपॉल, रीस ऑगिस्ट, एव्हरिल जॉन्सन, एडवर्ड जॉर्ज ही त्यातलीच मंडळी. आवाजाचं काम ट्रेव्हर मॅथिसन यांचं. नावात ‘ऑडिओ’ आहे हे विसरू नका. त्याच साली चॅनल फोर ही ब्रिटिश टीव्ही वाहिनी सुरू झाली आणि तिने कामगार संघटनेशी करार करून अशा छोट्या गटांना पगार आणि यंत्रसामग्री मिळायची सोय झाली. घाई न करता एखादा विषय उकलत बसायला जी निवांत वर्षं लागतात ती त्यातून मिळाली. स्वतः अकोम्फ्रा १९५७ साली अक्राला जन्मले. १९६६ मध्ये घानात राष्ट्राध्यक्ष एन्क्रुमांचं सरकार लष्कराने उलथलं, त्यानंतर आई मुलांना घेऊन इंग्लंडला आली. घर सुटतं आणि त्याची कागदपत्रंही हाताशी उरत नाहीत, हे त्यांनी लहानपणीच अनुभवलेलं आहे.

आता तो सिनेमा करतो काय? इंग्लंडमधल्या स्थलांतरितांची जुनी चित्रफीत म्हणजे बहुतेक बातमीपट. बोटीतून उतरणारी माणसं, बस चालवणारी माणसं, भट्टीपुढची माणसं. आणि प्रत्येकावर एक निवेदक बसलेला, हे लोक म्हणजे काय प्रश्न आहे ते आपल्याला सांगणारा. या मंडळींनी तो निवेदक उतरवला. तीच चित्रं, पण खाली मॅथिसन यांचे ताणलेले, घुमणारे, मागेपुढे फिरणारे आवाज आणि वर हळू आवाजातलं, पत्र वाचल्यासारखं बोलणं. निवेदक गेल्याबरोबर जहाजाच्या शिडीवरचा माणूस ‘प्रश्न’ राहत नाही. त्याने कोटाचं वरचं बटण लावलंय हे दिसतं, तो कुणाला तरी शोधतोय हे दिसतं. तुम्ही बाबांना शोधत होता ना, ती जागा त्या सिनेमाने मुद्दाम मोकळी ठेवलीय. त्यात एक वाक्य येतं, दंगलीत गोष्टी नसतात, दुसऱ्याच गोष्टींची भुतं असतात, अशा अर्थाचं. तुमच्या अडतीस सेकंदांत तेच आहे.

आणखी एक जागा आठवा. अंधाऱ्या स्टुडिओत घरगुती फोटो टांगलेत आणि कॅमेरा त्यांच्यामधून सावकाश चालतो. लग्नाचे, बाळाचे, स्टुडिओत काढलेले. तिथे काहीच घडत नाही. तुमच्याकडे तीन फोटो आहेत म्हणता. तीन पुष्कळ झाले.

ड्रोनबिन नको. अकोम्फ्रांचाच २०१० चा ‘द नाइन म्यूजेस’ बघा. इंग्लंडात आलेल्या माणसांच्या जुन्या चित्रफिती आणि मधेमधे अलास्कातला बर्फ, त्यात जाड रंगीत जाकीट घालून पाठमोरी उभी असलेली एकटी माणसं. अलास्काचा त्या स्थलांतराशी काही संबंध नाही. पण पहिल्या हिवाळ्यातली थंडी अंगावर येते ती त्याच बर्फातून. आठवण जिथे घडली तिथेच जाऊन ती मिळते असं नाही. तुम्ही सांगलीच्या आहात, आयर्विन पुलावर उभं राहून बघा. १९२९ चा पूल, व्हाइसरॉयचं नाव अजून अंगावर घेऊन उभा आहे आणि कृष्णेचं पाणी किती चढलं हे अख्खी सांगली त्याच पुलावरून मोजते. बाबा ज्या देशात भट्टीपुढे उभे होते त्या देशातून आलेल्या व्हाइसरॉयचं नाव तुमच्या नदीवर रोज उच्चारलं जातं. मला तर तिथेच सिनेमा दिसतो.

आता जे आधी करायचं ते. कृपा करून कॅसेटा आहेत तशा वाजवत बसू नका. पुराच्या वेळी डबा माळ्यावर होता तरी घरात ओल महिनोन्‌महिने राहिली असणार. खिडकीतून फितीच्या कडेवर पांढरी भुकटी दिसते का बघा. दिसली तर ती बुरशी, ती कॅसेट अजिबात लावू नका, जाणकाराकडे द्या. फितीच्या मागे नमद्याचा बारीक तुकडा असतो, तो फितीला हेडवर, म्हणजे प्लेअरमधल्या फीत वाचणाऱ्या भागावर, दाबून धरतो. जुन्या कॅसेटांत त्याचा गोंद सुटतो आणि आवाज बुडाल्यासारखा येतो. दुसऱ्या कॅसेटमधला तुकडा काढून बसवता येतो. १२० मिनिटांची कॅसेट असेल तर फीत फार पातळ, तिला भरभर पुढेमागे पळवू नका. प्लेअर चांगला डेक हवा, बाजारात मिळणारे प्लॅस्टिकचे यूएसबी डबे नकोत. आणि प्रत्येक कॅसेट लावल्यावर हेडचा छोटा स्क्रू अगदी किंचित फिरवून बघा, एका जागी ‘स’ आणि ‘श’ लख्ख होतात. दोन वेगळ्या रेकॉर्डरवर भरलेल्या कॅसेटा आहेत, सांगलीची जागा वेगळी असेल आणि बर्मिंगहॅमची वेगळी. कॉम्प्युटरवर घ्याल ती चोवीस बिटची वेव्ह फाइल. एमपीथ्री नको. खरखर काढायची तर प्रतीवर, मूळ फाइलला हात नको.

सगळ्यात महत्त्वाचं, काही कापू नका. फीत सुरू झाल्यापासून संपेपर्यंत, मधलं मौनही. २००३ साली पुण्यात नायट्रेट फिल्मच्या, म्हणजे चटकन पेट घेणाऱ्या जुन्या फिल्मच्या, गोदामाला आग लागली आणि किती मूकपट गेले. त्यातलं काय गेलं याची नीट आठवणही आता कुणाकडे नाही. मला त्या दिवसाचा धूर अजून विसरता येत नाही. तुमचा डबा वाचलाय.

वाचक_सातारा

चुंबकफीत यांचं बहुतेक पटलं, पण एक दुसरी बाजू मांडतो, कारण ती त्या सिनेमावर पहिल्यापासून मांडली गेली आहे. जानेवारी १९८७ मध्ये सलमान रश्दींनी ‘गार्डियन’मध्ये या सिनेमावर कडक टीका केली होती. म्हणणं असं की हँड्सवर्थमध्ये माणसं आहेत, त्यांच्याकडे सांगण्यासारखं भरपूर आहे आणि सिनेमाची जड भाषा त्यांना बोलू देत नाही. काही दिवसांत संस्कृतीचे अभ्यासक स्टुअर्ट हॉल यांनी त्याच पेपरात उत्तर दिलं, की नवी भाषा शोधायची ही धडपड रश्दींना ऐकूच आली नाही. वाद गाजला.

सिनेमा म्हणून मी हॉल यांच्या बाजूचा. पण कृष्णाकाठ, तुमच्या बाबतीत रश्दींचा मुद्दा मला डावलता येत नाही. मौन सुंदर असतं हे खरं, पण त्या मौनाचा एक साक्षीदार अजून आहे का, हे तुम्ही लिहिलंच नाहीये. आई आहेत का? असतील तर ही कॅसेट त्यांना ऐकवलीत का? आपण मुलंच ठरवून टाकतो की बाबांनी लपवलं आणि आईला कळलं नाही. त्यांना बोलू द्या. सिनेमात घ्या किंवा घेऊ नका, ते नंतर ठरेल.

सोहोरोड

वाचक_सातारा यांच्याशी सहमत. आणि त्या वेळचा माझा आवाज, आठवणी, काहीही हवं असेल तर निःसंकोच सांगा. इथल्या एका मैत्रिणीच्या तळघरात तसला जुना मीटर अजून भिंतीवर आहे. नाणं टाकून आवाज भरून पाठवते.

कृष्णाकाठ

सगळ्यांचे मनापासून आभार. सोहोरोड ताई, आवाज नक्की पाठवा. त्या खळ्ळ आवाजावर मी वर्षभर डोकं आपटत होते आणि तुम्हाला तो वाचूनच कळला.

आई आहे, शहात्तर वर्षांची. खरं सांगते, तिला त्रास होईल म्हणून मी ऐकवलं नव्हतं. परवा दुपारी, जेवणं झाल्यावर ऐकवलं. ती लसूण सोलत होती. बाबांचा आवाज आला तशी थांबली, पण डोळ्याला पाणी वगैरे नाही. “आमच्या भागात काय न्हाई” झालं, अडतीस सेकंद झाले, नाणं पडलं. मग ती म्हणाली, “खोटं बोलत्यात.”

मी म्हटलं, “तुला माहीत होतं?”

“अगं, दर महिन्याला पाकिटावर पत्ता कोण लिवायचं? हँड्सवर्थ. मीच की. मास्तरांनी पेपरातनं वाचून दावलं तवा मला दुसऱ्यांदा विचारावं लागलं न्हाई.”

“मग तू त्यांना काही विचारलं नाहीस?”

ती म्हणाली, “माझी कॅसेट लाव की.”

तिची कॅसेट नोव्हेंबर १९८५ ची. मी ती आधीच कॉम्प्युटरवर घेतली होती. लावली. “तुमची कॅसेट पोचली. बरं वाटलं तुमचं ऐकून.” आणि त्याला लागूनच, “पोरगी पाडे म्हणायला लागली.” आई म्हणाली, “मधलं कुठं गेलं?” मला कळेना. ती म्हणाली, “मधी मी गप बसले हुते. बराच येळ. तू मागं पाडे म्हणत हुतीस. मला बोलायचं हुतं, जमलं न्हाई, मग तसंच ठेवलं. त्यास्नी कळलं असंल.”

चुंबकफीत दादा, ती जागा मीच कापली होती. फाइल करताना सॉफ्टवेअरमध्ये ‘रिकामी जागा काढून टाका’ असा पर्याय होता, तो मी सगळ्या फाइलींना लावला. बाबांची ती एक कॅसेट तेवढी वाचली, कारण शेगडीच्या आवाजामुळे सॉफ्टवेअरला ती रिकामी वाटली नाही.

मूळ कॅसेट शाबूत आहे. भुकटी नाही, नमद्याचा तुकडाही जागेवर आहे, काल बघितलं. मिरजेत एकांकडे चांगला डेक आहे, रविवारी सगळा डबा घेऊन तिकडे जातेय. आईपण येते म्हणालीय.